तळ्याकाठची अट

मी घाईचा माणूस. लग्नाच्या पंगतीत मठ्ठा पोचायच्या आत माझा हात धुऊन झालेला असतो. एसटी थांबायच्या आधी मी पिशवी घेऊन दारात उभा. नाटकाचा पडदा पडत असताना मी खुर्चीखाली चपला शोधत असतो. सांगलीच्या हळद बाजारात जन्म गेला. तिथं रेंगाळणाऱ्याच्या हाती भुसा लागतो, असं आपलं माझं म्हणणं. बायकोचं म्हणणं वेगळं होतं. ती म्हणायची, "तुम्हाला कुठं जायचं नसतंच. नुसतं निघायचं असतं."

ती बसणारी. संध्याकाळी कृष्णेच्या घाटावर गेलो की पायरीवर पदर सावरून बसायची ती बसायचीच. पाण्यात बघण्यासारखं काय असतं हे मला शेवटपर्यंत कळलं नाही. पाणी येतं, पाणी जातं. मी दोन मिनिटांत कंटाळायचो आणि तिच्या हाताचं एक बोट धरून दाबायचो. त्यावर ती माझा सगळा पंजा मुठीत घ्यायची. तिचं उत्तर बहुतेक वेळा तेच असायचं.

हे सांगायला हवं. आमच्या बाजारात पूर्वी हळदीचा सौदा रुमालाखाली व्हायचा. अडत्या आणि खरेदीदार समोरासमोर उभे राहायचे, हातावर रुमाल पडायचा आणि आतल्या आत बोटं दाबून दर ठरायचा. चारचौघांत उभं राहून चौघांना न कळता बोलायची सोय. आता ती पद्धत गेली, उघड बोली लागते. पण मी तिच्यातच तयार झालो. लग्न होऊन ती आली तेव्हा आमच्या घरात थोरली माणसं इतकी की नवराबायकोनं एकमेकांकडं बघायची चोरी. मग एका बारशाला, बायकांच्या घोळक्यात ती माझ्या जवळ आली तेव्हा मी तिच्या पदराआड तिचं एक बोट दाबलं. घरी आल्यावर अर्थ सांगितला : एक बोट म्हणजे 'निघूया'. तिनं विचारलं, आणि निघायचं नसेल तर? मी म्हटलं, सगळा पंजा धर. म्हणजे 'अजून थोडं बसू'. पुढं अंगठ्याचाही एक अर्थ ठरला, 'हा माणूस लबाड आहे', आणि तो पाहुण्यारावळ्यांत फार कामाला आला. एवढीच आमची भाषा. थोरली माणसं गेली, बोलायची मोकळीक झाली, तरी ती सुटली नाही.

लडाखचं खूळ तिचंच. कुणाच्या तरी मोबाईलवर तिनं त्या पँगाँग तळ्याचा फोटो पाहिला. मी म्हटलं, एवढं निळं पाणी नसतं, मोबाईलवाले रंग भरतात. ती म्हणाली, "मग बघून येऊ, खोटं निघालं तर तुम्ही जिंकलात." साताऱ्याचा एक टूरवाला आपल्याकडच्या माणसांना घेऊन जातो, जेवणात भाकरी-पिठल्याचीही सोय करतो असं कळल्यावर तिनं दोघांची नावं देऊन टाकली. वर मला अट घातली : "त्या तळ्याकाठी बसल्यावर निघूया म्हणायचं नाही. मी म्हणेन तेव्हाच उठायचं." मी कबूल झालो. माझ्या कबुलीवर तिचा फारसा विश्वास नसावा, कारण लेकीच्या देखत तिनं ती परत वदवून घेतली.

जायच्या आधीच्या हिवाळ्यात ती आजारी पडली. साधा खोकला म्हणता म्हणता छातीत उतरलं. शेवटी दवाखान्यात तोंडावर मास्क, बोलायची सोय नाही. मी पलंगाशेजारी स्टुलावर. एका दुपारी तिनं चादरीखाली माझा हात चाचपला आणि एक बोट धरून दाबलं.

एक बोट. उभ्या जन्मात जे मी म्हणायचो ते ती म्हणाली. मी तिचा सगळा हात माझ्या मुठीत घेतला आणि घट्ट धरून बसलो. तिनं परत बोट हलवलं नाही. माझ्याकडं बघत राहिली. दुसऱ्या दिवशी सकाळी ती गेली.

टूर रद्द करायला मी फोन हातात घेतला होता. लेक म्हणाली, "बाबा, आईला कबूल केलंय ना तुम्ही? माझ्यासमोर." तिथंच घोडं पेंड खात होतं. अट घालणारी गेली म्हणून अट सुटते का, हे मला ठरवता येईना. बाजारात तरी सुटत नाही. दिलेला शब्द माणूस मेल्यावरही पाळतात. मग गेलो.

लेहला विमान उतरलं आणि पहिले दोन दिवस नुसतं पडून राहायचं होतं, उंचीची सवय व्हावी म्हणून. माझ्यासारख्याला ही शिक्षाच. खोलीत दोघांचा पलंग, दोन उशा, दोन पाण्याच्या बाटल्या, आणि पलंगावर दोन टॉवेलांची दोन पाखरं करून समोरासमोर ठेवलेली. मी एकाची घडी मोडली, अंघोळ केली. दुसरं पाखरू तसंच पलंगावर. त्याच्याकडं बघवेना, म्हणून तेही मोडलं आणि उगाच पाय पुसले.

गाइड आमच्याच साताऱ्याकडचा, उत्साही माणूस. गाडी सुटायच्या आधी तो उभा राहून मोजणी करायचा आणि सोपं पडतं म्हणून जोड्या मोजायचा. "सगळ्या जोड्या आल्या? आणि काका? काका आले, चला." त्याच्या मनात काही नव्हतं. पण रोज सकाळी त्या 'आणि काका'पाशी मी खिडकीची काच उगाच पुसायला लागायचो. गाडी दोघादोघांच्या सीटची. माझ्या शेजारी सगळ्यांच्या टोप्या, मफलरी, केळी आणि खाकरे.

माझ्या पुढच्या सीटवर म्हसवडकडचं एक जोडपं होतं. गृहस्थ फौजेतून हवालदार म्हणून निवृत्त झालेले, मोठ्या मिशांचे. ऐन उमेदीची वर्षं इकडच्याच डोंगरांत काढलेली. बायकोला दाखवायला आणलं होतं. "ही म्हनायची, तुमी तिकडं मजा मारताय," ते सगळ्या गाडीला सांगत. "आता बघ म्हनलं मजा." बाई खिडकीतून खाली दरीत बघायच्या आणि डोळे मिटून घ्यायच्या. एकदा हळूच म्हणाल्या, "आवं, हितं तुमी एकटं राहत हुता व्हय?" हवालदारांनी बाईंच्या गुडघ्यावर हात ठेवला. मी खिडकीबाहेर बघायला लागलो. बाहेर झाड नाही, गवत नाही, नुसते मातकट, तांबूस, राखी डोंगर एकामागं एक. इतकं मोठं काही बघितलं की माणूस शेजारच्याला कोपर मारून 'बघ' म्हणतो. माझं कोपर दोनदा खाकऱ्यांच्या पिशवीला लागलं.

खारदुंगला खिंडीत गाडी थांबली तेव्हा गाइडनं बजावून सांगितलं : इथं हवा विरळ आहे, हळू उतरा, हळू चाला, पळापळ नको. हे सांगून होईपर्यंत मी खाली होतो. सवयीचा गुलाम. पाटीजवळ फोटोची गर्दी व्हायच्या आत आपला उरकून घ्यावा म्हणून झपाझप चढलो. लावलेल्या पताका फडफडताना दिसल्या, आणि मग त्या फिरायला लागल्या. पुढचं नीट आठवत नाही. गाडीत आडवं केलं, घोंगडी पांघरली, तोंडावर प्राणवायूचा मास्क आला. डोळे मिटलेले. घोंगडीखाली कुणीतरी माझा गारठलेला हात हातात घेऊन चोळत होतं.

तोंडावर मास्क, पांघरुणाखाली हात. मी कुठं होतो ते मला त्या घटकेला ठाऊक नव्हतं. मी तो हात ओळखीचा समजून धरला आणि एक बोट दाबलं. निघूया.

आणि उत्तर आलं.

हात फिरला, माझी बोटं चाचपली, आणि सराईतपणे तीन बोटं धरून दाबली गेली. कुणीतरी ही भाषा बोलत होतं. पण तीन बोटांना आमच्यात काही अर्थ नव्हता. डोळे उघडायच्या आधीच मला कळलं की ही ती नव्हे.

डोळे उघडले तर समोर मिशा. हवालदार हसत होते. "काय काका, सौदा करताय व्हय? माजा बा म्हसवडच्या जत्रंत बैलं अशीच विकायचा, टावेलाखाली. तुमी एक दावलं, मी तीन म्हनलं. आता बोला!" गाडीतली सगळी जीव भांड्यात पडल्यासारखी खोखो हसली. कुणी म्हणालं, काका हळदीवाले, मरता मरताही भाव पाडणार. मीही मास्कच्या आत हसलो. हसताना डोळ्यांतून पाणी आलं, ते सगळ्यांना हसण्याचंच वाटलं.

त्या रात्री नुब्राच्या मुक्कामी जेवणं झाल्यावर हवालदार माझ्याजवळ खुर्ची ओढून बसले. फौजी माणूस, आडवळण माहीत नाही. "काका, तुमी माज्याशी सौदा करत न्हवता," ते म्हणाले. "कुनाशी बोलत हुता?"

मी कुणाला सांगितलं नव्हतं, लेकीलाही नाही. का कोण जाणे, त्यांना सांगितलं. एक बोट, सगळा पंजा, घाट, दवाखाना, आणि तळ्याकाठची अट. ते मिशीला हात लावून ऐकत राहिले. मग उठता उठता म्हणाले, "काकूंची अट हाय तर बसायचं. लय येळ लागला तरी बसा. गाडीचं मी बघतो."

तळ्याला पोचलो तेव्हा ऊन कलायला लागलं होतं. गाडी वळणावरून उतरली आणि सगळ्यांच्या तोंडून एकदमच 'अगं बाई' आणि 'आयला' निघालं. पाणी निळं होतं. फोटोत होतं त्याहून निळं. जवळ हिरवट, मग आपल्याकडच्या निळीच्या पुडीसारखं, आणि लांब डोंगराखाली जवळजवळ काळं. मी हरलो होतो. माझ्या स्वभावाला हार कबूल करणं जड जातं, पण त्या दिवशी मला ती कबूल करायची होती, मोठ्यानं, तिच्या तोंडावर. आणि ऐकून घ्यायला, 'बघा, म्हटलं नव्हतं?' असं म्हणायला माणूस नव्हतं. बाईलवेडा म्हणा हवं तर. मला ती तिथं हवी होती.

बाकीचे फोटो काढत पांगले. मी काठावरच्या एका सपाट दगडावर बसलो. शेजारी एकाची जागा राहील असा बसलो, ते बसल्यावर लक्षात आलं. पाणी येत होतं, जात होतं. वारा कान कापत होता. दोन मिनिटांत माझं बोट आपोआप चाळवलं. मी हात कानटोपीत घातले, मग जाकिटाच्या पोटावरच्या खिशात घातले, आणि बसून राहिलो. ती काय बघायची ते मला अजूनही कळलं असं म्हणत नाही. पण मी बघितलं. ढगाची सावली पाण्यावरून सरकत पलीकडच्या डोंगरावर चढली, तोवर बघितलं.

मागं गाइडनं मोजणी सुरू केली. "सगळ्या जोड्या आल्या? काका?" हॉर्न वाजला. हवालदारांचा आवाज आला, "बसू दे रं त्यास्नी. मुक्काम काय पळून चाललाय?" आयुष्यात पहिल्यांदा माझ्यामुळं गाडी खोळंबली होती.

खिशात माझा उजवा हात डाव्यावर घट्ट आवळलेला होता. सगळा पंजा. अजून थोडं बसू. आणि तिथं मला एकदम भीती वाटली. अट होती 'मी म्हणेन तेव्हाच उठायचं'. ती म्हणणार कशी? आता कुणी म्हणायचं? अंधार पडेल, हे लोक मला उचलून नेतील, आणि अट मोडेल ती मोडेलच.

मग आठवलं. ती म्हणाली होती. दवाखान्यात, चादरीखाली, एक बोट धरून, आमच्याच भाषेत, अगदी स्वच्छ म्हणाली होती. ऐकलं नव्हतं ते मी. तेव्हापासून मूठ आवळून बसलो होतो तोही मीच. घाईचा माणूस म्हणे.

मी हात खिशातून बाहेर काढले. मूठ सोडली. थंडीनं बोटं लवकर सुटेनात. मग उजव्या हातानं डाव्या हाताचं एक बोट धरलं आणि हलकेच दाबलं. बरं, निघूया, म्हटलं. आणि उठलो.