मुंबईला निघालो, उगवतीकडं

आमच्याकडं रस्ता सांगताना डावं-उजवं कुणी म्हणत नाही. उगवतीकडं जा, मग मावळतीकडं वळा, असं सांगतात. जालन्याच्या आसपास वाढलेल्या माणसाच्या डोक्यात सूर्य कायम आपल्या जागेवर असतो. माझ्याही डोक्यात तो होता आणि त्याचा मला भारी गर्व होता. होता म्हणजे, मागच्या हिवाळ्यापर्यंत होता.

माझा जावई मूळचा केदारखेड्याचा, जालना एमआयडीसीत लोखंडाच्या रोलिंग मिलमध्ये फिटर. त्याला मालवाहू जहाजावर फिटरची नोकरी मिळाली. ज्या पोरानं गोदावरीसुद्धा फक्त शहागडच्या पुलावरून बघितलेली, तो समुद्रावर निघाला. दीड वर्षं त्यानं परीक्षा, तपासण्या आणि कागदपत्रांत घालवलं होतं. शेवटी निरोप आला : अमुक दिवशी दुपारी तीनच्या आत मुंबईला बंदराजवळच्या ऑफिसात हजर व्हा. तीन वाजून गेले तर जागा यादीतल्या पुढच्या माणसाला. मिलमधली नोकरी त्यानं आधीच सोडली होती, म्हणजे मागं फिरायला जागाच नव्हती.

बायको म्हणाली, "आदल्या दिवशीच्या बसनं जाऊ द्या त्यांना, निवांत पोचतील."

मी म्हणालो, "जावई पहिल्यांदा जहाजावर चालले आणि बसनं? दारात समृद्धी महामार्ग आहे. सकाळी निघालो की दुपारी बराबर मुंबई. मी स्वतः सोडतो."

हे 'मी स्वतः' ज्या ज्या वेळी माझ्या तोंडून निघालं, त्या त्या वेळी घरादाराला घाम फुटलेला आहे.

सकाळी सातला निघालो. मी गाडी चालवतोय, शेजारी जावई, मागं लेक. तिनं बॅगेवर डोकं टेकलं आणि पाचव्या मिनिटाला झोपली. नाक्यावरून आत शिरलो. पुढं रस्ता दोन फाट्यांत वाटला जातो. एकावर ठळक पाटी, मुंबई. दुसऱ्यावर नागपूर. पाट्या एवढ्या मोठ्या, की चष्मा घरी विसरला तरी वाचता याव्यात.

आता अडचण अशी, की ही जागा मी ओळखत होतो. आमचं तीन एकर वावर इथंच होतं, ते रस्त्यात गेलं. विहीर कुठं होती, लिंब कुठं होता, सगळं मला पाठ. आणि मुंबईची पाटी ज्या फाट्यावर, तो फाटा तर उगवतीकडं वळत होता!

"हे बघा जावईबापू," मी म्हणालो, "मुंबई मावळतीला. माझ्याच वावरात मला पाटी वाचायची गरज न्हाई."

आणि मी दुसऱ्या फाट्याला गाडी घातली. तो मावळतीकडंच निघाला. मी खूश. विहिरीला पाणी कसं लागलं होतं ते सांगायला घेतलं. त्या गोष्टीच्या नादात रस्ता गोल फिरून परत उगवतीला कधी लागला, ते कळलंच नाही. असे रस्ते आधी उलटे वळतात आणि मग सुलटे होतात, हे मला आता माहीत आहे.

वर चढलो तर काय रस्ता! गुळगुळीत, सरळ, गर्दी नाही. मी शंभरावर काटा ठेवला. थोड्या वेळानं जावई अदबीनं म्हणाला, "मामा, ऊन लई समोरून येऊन राह्यलं."

आमच्याकडं जावई सासऱ्याला मामाच म्हणतो.

"सकाळचं ऊन आहे, येणारच," मी म्हणालो आणि काचेवरची झडप खाली ओढली. ज्या माणसाच्या डोक्यात सूर्य कायम आपल्या जागेवर असतो, त्यानं डोळ्यांत घुसलेला सूर्य झाकून टाकला.

आणखी काही मिनिटं गेली. "मामा, पाटीवर नागपूर लिहिलेलं दिसलं."

"रस्ता मुंबई-नागपूर आहे ना? मंग दोन्ही नावं लिहिणारच."

"हां, बराबर," जावई म्हणाला आणि पायाशी ठेवलेली कागदांची फाईल उचलून मांडीवर घेतली. ती घट्ट धरून तो समोर बघत बसला. मला वाटलं, समुद्राची भीती वाटत असेल. मी त्याला धीर देत राहिलो.

मागून लेकीचा झोपाळलेला आवाज आला, "पप्पा, सिंदखेडराजा मुंबईच्या वाटेवर कधीपासून आलं?"

मी वर बघितलं. पाटीवर सिंदखेडराजा. जालन्याच्या लहान पोराला विचारा, ते कुठं आहे. उगवतीला.

पहिला विचार आला, कडेला थांबून गाडी मागं घ्यावी. लेकीनं तो आरशात वाचला असावा. "पप्पा, बिलकुल न्हाई! गाड्या बघा कशा येऊन राह्यल्या." मधल्या कठड्याला कुठं फट नाही, कुठं वळायला जागा नाही. साध्या रस्त्यावर चुकलं तर चहाच्या टपरीला वळसा घालून परत येता येतं. इथं चूक केली की ती इमानदारीनं पुढच्या नाक्यापर्यंत पूर्ण करावी लागते. आम्ही तिघं मुंबईला पाठ करून सुसाट चाललो होतो. जावई घड्याळाकडं बघत होता आणि मी त्याच्याकडं बघायचं टाळत होतो.

नाक्यावर उतरलो. खिडकीतल्या माणसाला विचारलं, "भाऊ, मुंबईला जायचंय."

त्यानं गाडीत वाकून बघितलं. "काका, मुंबई मागं राह्यली. खाली उतरा, वळसा मारून परत चढा. आणि मुंबईची पाटी दिसली की तिचंच ऐका, दुसरं कुणाचं ऐकू नका."

थोडं पुढं जाऊन मी गाडी कडेला घेतली. जावई उतरला, माझ्या बाजूला आला, दार उघडलं आणि म्हणाला, "मामा, उतरा. गाडी मी चालवतो."

लग्नाला दोन वर्षं झाली, या माणसानं मला पाणी द्या असंसुद्धा सरळ सांगितलं नव्हतं. मी निमूट उतरलो आणि मागं जाऊन बॅगेशेजारी बसलो. लेक पुढं गेली.

"अहो, पण तुम्ही जागे होता ना?" तिनं नवऱ्याला धारेवर धरलं. "उलटं चाललोय हे कळलं न्हाई?"

"वर चढलो तेव्हाच कळाल्तं."

"मंग बोलले का न्हाई?"

"मामांना कसं सांगावं? लग्नात आई म्हणाल्ती, सासऱ्याच्या शब्दावर शब्द टाकायचा न्हाई. आणि मला वाटलं, वावर त्यांचं, त्यांना एखादा आतला रस्ता माहीत असंल."

दीड वर्षाची मेहनत मांडीवर घेऊन हा माणूस माझ्या मानासाठी गप्प बसला होता, आणि मी त्याला झडप ओढून सावली देत होतो! त्या क्षणी कुणी माझ्या दोन थोबाडीत दिल्या असत्या तरी मी आभार मानले असते.

जालन्याचा नाका परत मागं पडला तेव्हा मी मुद्दाम दुसऱ्या बाजूला बघितलं. नऊ वाजत आले होते. जेवायला थांबलो नाही, लेकीनं पुढच्या पुढं चपातीच्या गुंडाळ्या दिल्या. डोंगर आले, बोगदे आले, पाट्यांवर मुंबई जवळ जवळ येत गेली आणि मी प्रत्येक पाटी मनातल्या मनात मोठ्यानं वाचली. शहरात शिरल्यावर गर्दीत अडकलो तेव्हा मात्र मी डोळे मिटून घेतले.

ऑफिसच्या दारात पोचलो तेव्हा तीनला बारा मिनिटं कमी होती. जावई माझ्या हातात चावी देऊन, फाईल घेऊन पळत आत गेला. आम्ही बापलेक फुटपाथवर उभे. लेक नखं खात होती. तीन वाजले. तीन वाजून दहा मिनिटं झाली. मग तो बाहेर आला, चालत, आणि लांबूनच त्यानं हातातला कागद वर केला.

"झालं मामा. संध्याकाळी जहाजावर घेऊन राह्यलेत."

मी होतो तिथंच कठड्यावर बसलो. लेक रडत होती आणि हसत होती. जावई पाया पडायला वाकला, तसा मी त्याचा दंड धरला.

"पाया नंतर. आधी एक वचन द्या. तिकडं इंजिनात काही उलटंसुलटं दिसलं, तर मोठ्या साहेबाला मामा समजू नका. तिथल्या तिथं तोंडावर सांगायचं."

तो हसला. दोन वर्षांत पहिल्यांदा माझ्यासमोर दात दाखवून हसला, आणि म्हणाला, "मंग तुमच्यापासूनच सुरुवात करतो. घरी जाताना चावी हिच्याकडं द्या."

मी खिशात हात घातला. चावी लेकीनं आधीच काढून घेतली होती.