दुपारच्या खेळात परत आलेली ओवी

अगं, सरका की जरा पुढं. भुताची गोष्ट अशी दाराशी बसून ऐकतात व्हय? आणि तुम्हा वाचणाऱ्या पोरींनाही बोलणारच आहे मी. गोष्टींच्या या पानावर दर खेपेला कुणाला पांढरी साडी दिसते, कुणाच्या मागं पैंजण वाजतं... घाबरलात की संपलं तुमचं! चांगल्या भुताच्या गोष्टीतून केवढं गाणं निघतं, केवढं नाटक उभं राहतं, ते कोण सांगणार?

माझा स्वतःचा असल्या गोष्टींवर कधीच विश्वास नव्हता. शाळा दुसरीपर्यंत, पुढचं वाचन पुड्यांच्या कागदांवर — पण डोकं जागेवर. तरी एका दुपारचं कोडं मला अजून सुटलेलं नाही.

तीस सालानंतरची वर्षं ती. आम्ही पणदऱ्याचे, पाटाच्या पाण्यावर ऊस आणि वांगी करणारे. आईचं माहेर डाळज. तिची आई ती चार वर्षांची असतानाच गेली. मागं राहिलं एक जातं आणि एका ओवीची पहिली ओळ —

जात्या तुझ्या खुंट्याची लागली मला ओढ...

पुढची ओळ आईला आठवतच नव्हती. आई म्हणायची, "तिचा तोंडवळा न्हाय ध्यानात, आवाज न्हाय. एवढी अर्धी ओवीच हाय माझी आई." लग्नात, बारशात, बाजारात, जी म्हातारी भेटेल तिला ती पुढची ओळ विचारायची. वीस वर्षं विचारलं. कुणालाच येत नव्हती.

आमच्या भागात दळणाऱ्या बाईची एक जुनी गोष्ट होती. तान्ही लेक मागं ठेवून बाई मरते, आणि रोज पहाटे जातं आपोआप फिरतं, लेकीपुरतं पीठ पडतं. नवरा एकदा चोरून बघतो — नुसते दोन हात, मनगटापर्यंतचे! तो भिऊन खुंटा उपटतो आणि भीमेत टाकतो. दुसऱ्या दिवशी जातं तरी फिरतं... पण पीठ तांबडं पडतं. आई ही गोष्ट सांगायला लागली की अंगणातली कुत्रीसुद्धा गप्प बसायची. सांगता सांगता ती आपली अर्धी ओवी त्या बाईच्या तोंडी घालायची.

त्या वर्षी बारामतीला एक नाटक कंपनी तंबू ठोकून होती. दादा — म्हणजे माझे वडील — त्यांच्या भटारखान्याला वांगी घालायचे. तिथं त्यांनी बढाई मारली, "आमच्या मंडळीची गोष्ट ऐकाल तर तुमचं नाटक इसराल." झालं! कंपनीचे पेटीमास्तर, पदं लिहिणारेही तेच, बैलगाडीत बसून आमच्या ओट्यावर हजर. गोष्ट ऐकून म्हणाले, "वहिनी, हे नाटक करायचंच. ओवीची दुसरी ओळ सांगा."

"ती असती तर काय पायजे व्हतं, मास्तर?"

मग त्यांनी स्वतःच जुळवली — 'अवसेच्या या जिवाला साजणा आता सोड.'

आईनं तोंड वाकडं केलं. "दळताना बाईला साजण कुठला सुचतोय? पीठ सांडंल की."

पण मास्तर गुणी माणूस. आमच्या जात्याची घरघर तासभर ऐकत बसले आणि तबलजीकडून डग्ग्यावर तीच घरघर काढून घेतली. कंपनीचं जातं पुठ्ठ्याचं होतं, त्याला आवाज कसला येणार? म्हणून आजीचं जातं मागून नेलं.

पहिला खेळ बघून दादा आले. "लोकं बसल्या जागी गार पडली," म्हणाले, "पर जात्याचा आवाज कसा दात खाल्ल्यावानी येतोय."

"दाणं घातलं व्हतं का?"

"नाटकात कशाला दाणं?"

आईच्या हातातला तवा तसाच राहिला. रिकामं जातं कधी ओढू नये, हे आमच्याकडं शेंबड्या पोरीलाही ठाऊक असतं. शहरातल्या त्या माणसांना कोण सांगणार?

दोन दिवसांनी फक्त बायकांसाठी दुपारचा खेळ होता. आई पदरात जोंधळे बांधून मला घेऊन निघाली, ती थेट पडद्यामागं. मॅनेजर आडवे आले. "बाई, दाणे सांडले तर आमचे श्रीपतराव घसरतील!"

"घसरू द्या. माझ्या आईचं जातं हाय. मूठभर घातल्याबिगर हात लावू देणार न्हाय."

श्रीपतराव म्हणजे बाईचं काम करणारे नट. नऊवारी नेसून, नथ घालून तयार बसले होते. हसून म्हणाले, "घाला हो आत्याबाई. माझ्याही हाताला फोड आलेत ते रिकामं ओढून."

आईनं जोंधळे घातले आणि आम्ही पुढं येऊन बसलो.

तंबूच्या भोकांतून ऊन येत होतं, बाहेर टांगेवाल्यांची भांडणं चालली होती — भुताला येण्यासारखी वेळ नव्हतीच ती. तरी काळ्या पडद्यापुढं ते दोन हात दिसले, डग्गा घुमू लागला, आणि माझ्या अंगावर सरसरून काटा आला. पुरुषाचे हात ते, पण चार पायल्या दळून थकलेल्या बाईचेच वाटत होते. काय कला म्हणावी! पहिली ओळ झाली. पेटी थांबली. आणि श्रीपतराव गायले —

लेक माझी धरंल तवा येऊ देऊ नको फोड.

आतून प्रॉम्प्टर ओरडला, "साजणा, साजणा!" मास्तरांची बोटं पेटीवर तशीच अधांतरी. आणि माझी आई भरल्या तंबूत उभी राहिली. "हीच! हीच गं बाई... हीच!" मागच्या बाया "खाली बसा की" म्हणत होत्या. तिला कशाचं भान नव्हतं.

खेळानंतर मास्तर संतापून आत गेले. "श्रीपतराव, ही ओळ कुणाची?"

"तुमचीच म्हटली की!" ते शपथ घेऊन सांगत होते. पुन्हा म्हणायला लावली तर 'साजणा आता सोड' असंच म्हणाले. पण सगळ्या तंबूनं दुसरंच ऐकलं होतं. मास्तरांनी खडू घेतला आणि ती ओळ तिथंच पेटीच्या झाकणावर लिहून ठेवली. खेळाखेळाला मग तीच झाली.

कुणी म्हणेल, श्रीपतरावांनी कुठं ऐकली असेल. ते कोकणातले, आमच्या भागात पहिल्यांदाच आलेले. कुणी म्हणेल, आईच नकळत गुणगुणली असेल. हे मी तिला विचारलं होतं. म्हणाली, "ठावं असती तर दारोदार कशाला हिंडले असते?"

पुढं त्या नाटकाचा बोलपट निघाला. मास्तरांनीच संगीत दिलं. इंदापूरला तंबूत लागला तेव्हा डाळजहून गाड्या जुंपून बाया गेल्या, त्यांच्यात आम्हीही. आता काम खऱ्या बाईनं केलेलं. पडद्यावर दुसरं काहीच नाही, बैलगाडीएवढे मोठे दोन हात आणि जात्याच्या पाळीवरून सांडणारं पीठ... सारंगी अशी वाजली की पुढच्या आजीबाईंनी पदर तोंडात धरला.

वर्षाच्या आत ती ओवी घरोघरी झाली. आणि गंमत पुढंच. डाळजची एक म्हातारी, जिला आईनं चारदा विचारलं होतं, तीच एकदा आईला म्हणाली, "ही व्हय? ही तर जुनीच हाय. माझी सासू म्हणायची की!"

मी भांडायला उठले, तर आईनं माझा हात दाबला. वाटेत म्हणाली, "असू दे. माझी एकटीची व्हती तवा अर्धी व्हती."

खरंच जुनी होती, तर वीस वर्षं ती कुठं होती? आणि नव्हती, तर त्या भर दुपारी कुणी म्हटली?

सिनेमाची चाल तुम्हाला ऐकायला मिळेलही. पण नाटकाहून परतताना गाडीत आई ती ओवी सबंध म्हणत आली — संथ, मधेच थांबत, पुन्हा पहिल्यापासून. ती चाल आता फक्त माझ्याच गळ्यात आहे, आणि माझं वय झालंय. ती कागदावर उतरत नाही गं, समोर बसूनच घ्यावी लागते. तेव्हा कामं राहू द्या बाजूला, आणि या एकदा पणदऱ्याला. लवकर या.