अंबाडीची बाटली

कौशल्या भिलाईला आली तेव्हा पोलाद कारखान्याच्या ब्लास्ट फर्नेसचा पाया खोदणं चालू होतं. तिचा नवरा शालिकराम उंचावर लोखंडी तुळया बसवायच्या कामावर लागला. तुमसरकडचं गाव सोडून दोघं लहानग्या नलूला घेऊन लेबर कँपातल्या पत्र्याच्या खोलीत राहू लागली.

कँपात पंजाबी, तेलुगू, ओडिया, छत्तीसगढी अशी हजारो माणसं होती आणि कँटीनमध्ये सगळ्यांना एकच उकडलेला भात, एकच बटाट्याचा रस्सा. लोक दोन घास खाऊन उठायचे. उपाशी पोटी वर चढलेली माणसं चक्कर येऊन पडू लागली, तेव्हा कँटीनच्या ठेकेदाराने चवभट्टी आणली.

चवभट्ट्या तेव्हा नव्याच निघाल्या होत्या. काळी पेटी, तिला तांब्याची नळी, नळीच्या टोकाला पातळ पट्टी. माणसाने आपल्या गावचा पदार्थ खायचा आणि तोंडात चव असतानाच पट्टी जिभेवर धरायची. पेटी तापायची आणि दुसऱ्या बाजूने बाटलीत थेंब पडायचे. त्यातला एक थेंब हंडाभर भाताला पुरायचा.

विदर्भाकडच्या लोकांसाठी चव कोण देणार? कौशल्येच्या अंबाडीच्या भाजीचं नाव कँपात झालं होतं, म्हणून भट्टी चालवणारे अरुणकुमारबाबू तिच्याकडे आले.

"जिभेचं काही होत तर नाही ना, बाबू?" तिने विचारलं.

"आठ दिन फीका लगेगा, बस," ते म्हणाले. त्यांनाही ठेकेदाराने तेवढंच सांगितलं होतं.

तिने अंबाडी खाऊन पट्टी जिभेवर धरली. दुसऱ्या दिवशी कँटीनमध्ये भंडाऱ्याकडची माणसं थेंब घातलेला तोच भात जेवली आणि पुन्हा वाढून घेऊ लागली. केवलराम नावाचा म्हातारा गवंडी तर ताटावरच रडला. सांजेला तो कौशल्येच्या दाराशी येऊन म्हणाला, "पोरी, तीन सालानं घरी जेवलो वो."

त्या एका वाक्यावर कौशल्येने भट्टीला झुणका दिला, पाटवडी दिली, जवसाची चटणी दिली. आठ दिवस गेले, महिना गेला. अंबाडी तोंडात ओल्या कागदासारखीच लागत राहिली. मग झुणकाही तसाच लागू लागला. शेवटी मीठही कळेना. ती कोणाला बोलली नाही. हाताच्या अंदाजाने रांधत राहिली.

एकदा शालिकरामने घास खाली ठेवला. "नलूची माय, मीठ दोनदा पडलं का?"

ती चुलीकडे बघत म्हणाली, "मले काहीच लागत नाही आता."

शालिकराम तसाच उठून अरुणकुमारबाबूंकडे गेला. बाबूंचा चेहरा उतरला. त्यांनी स्वतः तिची बाटली आणली, भातावर थेंब टाकला आणि ताट तिच्यापुढे ठेवलं. शालिकरामला अंबाडी लागली, नलूला लागली. कौशल्येने चार घास खाल्ले आणि नाही म्हणून मान हलवली. जिच्या जिभेवरून चव निघाली, तिच्या जिभेवर ती पुन्हा धरत नव्हती.

बाबूंनी भट्टीत नळी उलटी लावून पाहिली, ठेकेदाराला पत्रं लिहिली. उत्तर आलं नाही. कौशल्येने कँटीनला चव देणं सोडलं. कारखान्याच्या वसाहतीत, एका सेक्टरमध्ये, क्वार्टर मिळालं, तिथे शालिकराम ड्यूटीवरून आला की आधी चुलीपाशी बसायचा, पळीतलं हातावर घेऊन मीठ सांगायचा. तो नाइट शिफ्टला असला की घरात भात-दूधच व्हायचं.

एकोणीसशे साठ साली कौशल्येची माय पहिल्यांदा भिलाईला आली. येताना फडक्यात अंबाडी बांधून आणलेली. कण्या घालून, लसणाची फोडणी देऊन तिने भाजी केली आणि लेकीच्या तोंडाकडे बघत बसली.

"अगदी तुह्या हातची, माय," कौशल्या म्हणाली. "अजून वाढ."

मायने तिला अजून वाढलं. तिने स्वतः घास घेतला आणि थांबली. म्हातारपणी विसर पडायचा, मीठ घालायचंच राहिलं होतं.

"खोटं कावून बोलून राहिली तू? शहरात येऊन मायले पाहुणी समजते का?"

 शालिकरामने सगळं सांगितलं. ऐकून मायने लेकीचा हात धरला. मग म्हणाली, "मले त्या कँटीनात ने."

दुसऱ्या दिवशी म्हातारी कामगारांच्या रांगेत पितळी घेऊन उभी राहिली. भात खाल्ला, पितळी पुसून घेतली. बाहेर आल्यावर म्हणाली, "हे तर माह्याच हातचं होय. माह्या मायच्याही हातचं. सारं देऊन बसली तू, बाई. इचारलं तरी असतं."

चार दिवसांनी ती परत गेली आणि त्याच हिवाळ्यात वारली. तेराव्याला गावात अंबाडी शिजली. कौशल्येने ताटातलं सगळं संपवलं.

पुढे घरोघर चुली पेटल्या, कँटीनची गर्दी ओसरली आणि ठेकेदार चवभट्टी उचलून दुसऱ्या कुठल्या बांधकामावर घेऊन गेला. बाटल्याही गेल्या. कौशल्या रोपवाटिकेत कामाला लागली. सेक्टरच्या रस्त्याकडेची कितीतरी झाडं तिने लावली. दुपारी बायका डबे उघडून एकमेकींना भाज्या द्यायच्या. कोणी विचारलं, "कशी झाली?" तर ती म्हणायची, "गरम आहे, बाई," आणि खात राहायची.