तेझेंचा रिमोट

खालच्या मजल्यावरच्या तेझे नसत्या तर मी आज बालवाडीच्या स्वयंपाकघरात कामाला नसते, हे आधी सांगून टाकते. तेझे म्हणजे तुर्की भाषेत मावशी. न्युरेम्बर्गच्या आमच्या बिल्डिंगमध्ये त्या सगळ्यांच्याच मावशी.

आठवीनंतर माझी शाळा सुटली. आमचे हे इंजिनिअर, त्यांच्या नोकरीमागून मी इथं आले. बालवाडीत भाज्या चिरायचं, ताटं लावायचं काम मिळत होतं, पण जर्मनची परीक्षा पास झाले तरच. क्लासमध्ये बाई बोलायला लागल्या की दोन वाक्यांत माझा धागा तुटायचा. ‘थांबा’ म्हणायची हिंमत नव्हती. नुसती मान डोलवायची.

एकदा तेझेंचा डबा परत द्यायला गेले. रिकामा कसा द्यायचा, म्हणून आत शंकरपाळे. टीव्हीवर जुन्या उस्मानी सुलतानांच्या काळातल्या एका शहजाद्याची तुर्की मालिका चालू होती. धाकटा, कुणाच्या खिजगणतीत नसलेला, बापाच्या दरबारात तोंड उघडायला घाबरणारा. मी दारातच खिळले.

“बस,” तेझे म्हणाल्या, आणि त्यांनी चित्राखाली संवादांची जर्मन अक्षरं लावली.

अक्षरं पळायची. मी हात वर केला की तेझे रिमोटनं चित्र थांबवायच्या. माझं वाचून झालं की शहजादा पुढे. एका भागाला चार दुपारी लागायच्या. एकदा तो तलवार उपसून उभा राहिला, तो आमचा चहा गार होईपर्यंत.

“वाच गं पोरी, त्याचा हात दुखेल!”

इस्तंबूलहून बहिणीचा फोन आला की तेझे ओरडायच्या, “काही सांगू नकोस, आम्ही अजून तिथं पोचलो नाही!” घरी हे चिडवायचे, “दरबारी जर्मन शिकून भाजी चिरणार का?”

“अहो, चिरू तर द्या आधी!”

परीक्षेत समोरच्या बाई भरभर बोलल्या. अर्धंच कळलं, आणि सवयीनं माझा हात वर गेला. बाई थांबल्याच! मी हात पटकन खाली घेतला.

“हळू बोलू का?” त्यांनी विचारलं.

“हो, प्लीज.”

इतकं सोपं होतं? मग मोकळ्या वेळात काय करता, असं त्यांनी विचारलं आणि मी शहजाद्याची गोष्ट सांगतच सुटले.

“मिळाली का त्याला गादी?”

“माहीत नाही. आम्ही अजून पोचलो नाही.”

त्या हसल्या.

निकालाचं पाकीट घेऊन आधी खालीच गेले. पास! तेझेंनी मला जवळ घेतलं, डोळे पुसले आणि शेवटचा भाग लावला. तो गादीवर बसेपर्यंत मी कितीदा हात वर केला, आठवत नाही. प्रत्येक वेळी तेझे थांबल्या.

तेझे, मी आता तुर्की शिकतेय, तुमच्याकडूनच, थोडं थोडं. एक दिवस ती अक्षरं काढून टाकेन, तुमच्या शेजारी बसेन आणि सगळी मालिका पहिल्यापासून तुम्हाला बघू देईन. एकदाही हात वर न करता.