वायर काढलेला फ्रिज

आधी मुरूडच्या जुलेखाखालांचे आभार मानतो, मग काय घडलं ते सांगतो. त्या नसत्या तर मी आज या लाइनमध्ये टिकलो नसतो. आणि हो, भूतबीत, चमत्कार यांवर माझा कधीच विश्वास नव्हता. साउंडवाल्याचा नसतोच… कुठे काही वाजलं की आम्ही आधी ढिली वायर शोधतो.

मी हिंगोलीकडचा. आठवीत शाळा सोडली. नाटकात पडद्यामागे बसून फोनची रिंग, दारावरची बेल वाजवत शिकलो, मग सिरियली केल्या, आणि आता पहिल्यांदाच एका चित्रपटाचा साउंड पूर्ण माझ्या हातात आला. धाकधूक किती असेल बघा. शिक्षण नाही, चूक झाली तर दुसरा माणूस तयार.

खालांचं चार खोल्यांचं लॉज आहे. आम्ही तिथेच उतरलो होतो आणि एक प्रसंग त्यांच्याच स्वयंपाकघरात होता. फ्रिजची घरघर मध्येच सुरू, मध्येच बंद होते, संवाद जोडताना ते लगेच कळतं. म्हणून शूटिंगपुरता फ्रिज बंद करावा लागतो.

"कर बंद," खाला म्हणाल्या. "पन इसरू नको रे हिंगोलीवाल्या. आत पापलेटं हायत."

पावसाळ्यातली मासेमारी बंद, बाजारात ताजं पापलेट नाही. त्यांचा मुलगा इरफान चार वर्षांनी कुवेतहून येणार होता. बंदीच्या आधीच त्यांनी ती त्याच्यासाठी घेऊन ठेवलेली.

आमच्यात एक रीत आहे. फ्रिज बंद केला की आपल्या खोलीची चावी आतच ठेवायची. चावीशिवाय जाणार कुठे? मी वायर काढली, चावी पापलेटांशेजारी ठेवली. पण दुपारी घाईत युनिट किहीमला निघालं आणि प्रोडक्शनवाल्याने लॉजच्या दुसऱ्या चावीने खोली उघडून माझं सामान परस्पर गाडीत टाकलं. खालाही स्वयंपाकघराला कुलूप लावून म्हसळ्याला बहिणीकडे गेल्या.

तिसऱ्या दिवशी किहीमला नाश्ता करताना प्रोडक्शनवाला म्हणाला, "मुरूडची चावी दे, परत करायचीय." माझा हात खिशात गेला आणि… चावी तर फ्रिजमध्येच!

फोन लावला. "खाला, फ्रिज…"

"आत्ताच घरात पाय ठेवलाय. काय झाला फ्रिजला?"

सांगितलं. मला सपातांचा आवाज आला, मग कुलूप, मग फ्रिजचं रबर सुटल्याचा चट् आवाज. "तू ये इथं," एवढंच म्हणाल्या.

अलिबागला एसटी बदलून पोचलो. माफी कशी मागायची ते वाटभर घोकत होतो. इरफान दुसऱ्याच दिवशी येणार होता.

वायर जमिनीवर, मी टाकली तशीच. दार उघडलं, तर पापलेटं दगडासारखी! चावी बर्फात रुतलेली, सुरीने काढावी लागली.

"तासभर लाईट गेली तरी खाली पानी साचतं," खाला म्हणाल्या. "तीन दिस कसा ऱ्हायला ह्यो?"

"मधे कुणी लावला नाही ना?"

"कुलपाची चावी माझ्या कमरेला. लावायला काय माझी सासू आली व्हती कबरीतून?"

तेवढ्यात प्रोडक्शनवाल्याचा फोन. काम सोडून तिकडे कशाला गेलास म्हणून ओरडायला लागला. खालांनी फोन माझ्या हातातून घेतला. "मी बोलावलाय त्याला. जेवून धाडते." आणि ठेवून दिला. त्या एका वाक्याने माझं काम वाचलं.

इरफान आला, पापलेटं खाल्ली. खालांनी मला नुसत्या काट्यांच्या ताटाचा फोटो पाठवला.

खरं पुढेच आहे. स्टुडिओत तो प्रसंग ऐकायला बसलो, तर प्रत्येक टेकच्या खाली बारीक घरघर. शूटिंगच्या वेळी हेडफोनमध्ये शांतता होती, दिग्दर्शकानेही ऐकली होती. शिवाय कुठलाही फ्रिज थोड्या वेळाने थांबतो. हा पहिल्या टेकपासून शेवटच्यापर्यंत एकसारखा चालू! माईक, केबल, रेकॉर्डर, सगळं तपासलं. दोष कशातच नाही. आजही कुणी समजावून सांगितलं तर ऐकायला तयार आहे.

तो आवाज काढून टाकता आला असता. दिग्दर्शकाला विचारून राहू दिला. खालांनी आजवर थेटर आतून पाहिलेलं नाही. चित्रपट लागला की त्यांना माझ्या शेजारच्या खुर्चीवर बसवून त्यांचं स्वयंपाकघर ऐकवायचं आहे. उपकार फेडायचे ते तिथूनच सुरू करीन.