ओट्यापाशी ऐकलेले सामने

लग्न होऊन डोंबिवलीत आले आणि वर्षभरातच मला कळलं की मी पनवती आहे. बाकी सगळ्या बाबतीत मी चांगली होते हं. फक्त क्रिकेटच्या मॅचला मी टीव्हीसमोर बसले की आपली विकेट पडायची. एकदा शेवटच्या ओव्हरला कुकरची शिट्टी झाली म्हणून मी उठून आत गेले आणि तेवढ्यात बाहेर सिक्स बसला. झालं! आमचे हे ओरडले, "अगं, तिथंच थांब! बाहेर येऊ नकोस!" मॅच बघायला आमच्याकडे जमलेले शेजारीही म्हणाले, "हो वहिनी, तुम्ही आतच बऱ्या." तेव्हापासून घरात तो कायदाच झाला. मॅच रंगात आली की मी ओट्यापाशी उभं राहायचं आणि ह्यांनी हाक मारल्यावरच बाहेर यायचं. आख्ख्या संसारात मी एकही शेवटची ओव्हर डोळ्यांनी पाहिलेली नाही. सगळ्या कानांनी ऐकल्या.

तशी मी ऐकून घेणाऱ्यातली नाही. वागळे इस्टेटमधल्या कंपनीत स्टोअर सांभाळलं, भल्याभल्या ड्रायव्हरांना आणि साहेबांना सरळ केलं. पण ह्या एका बाबतीत माझं काही चालायचं नाही. खरं सांगायचं तर मलाही ते आवडायचं. भारत जिंकला की हे आत यायचे आणि मीच बॅटिंग केल्यासारखी माझी पाठ थोपटायचे.

मग ह्यांचं हृदय बिघडलं. शहाडच्या कारखान्यातून रिटायर होऊन फार दिवस झाले नव्हते. जिना चढताना धाप लागायला लागली, पाय सुजायला लागले. डॉक्टरांनी सांगितलं, पंपिंग फार कमी झालंय. मीठ बंद, पाणी मोजून, आणि टेन्शन अजिबात नको. ठाण्याहून आमची मुलगी आली होती, ती लगेच म्हणाली, "म्हणजे बाबा, क्रिकेट बंद." ह्यांनी डॉक्टरांकडे असं पाहिलं की त्या माणसालाच वाईट वाटलं असावं. ह्यांना बाहेर बसवून त्यांनी आम्हा दोघींना आत थांबवलं आणि हळू आवाजात सांगितलं, "जपा. कधीही काहीही होऊ शकतं." ते मात्र आम्ही ह्यांना सांगितलं नाही.

बेसबॉल सापडला तो असा. मुलीने टीव्हीवर एक ॲप टाकून दिलं होतं, सिनेमे बघा म्हणून. सिनेमे बघतोय कोण! हे रिमोट घेऊन खाली खाली जात राहिले. क्रिकेटची रांग आली, तिथे मी खोकले. पुढे फुटबॉल, कबड्डी, कुस्ती, आणि सगळ्यात तळाला, जिथे कोणी जात नसेल, तिथे टोपीवाले अमेरिकन. "ह्याने काय टेन्शन येणार? ह्यात आपलं कोण आहे?" असं म्हणून ह्यांनी बटण दाबलं. ती निघाली तीन तासांची मॅच. अर्धा वेळ ते लोक नुसते उभे, च्युइंगम चघळतायत, थुंकतायत, टोपी सारखी करतायत. हे पेंगले. मग एके दिवशी त्याच रांगेत उजवीकडे सरकत सरकत गेल्यावर छोट्या मॅचेस सापडल्या. तीच मॅच, पण मधलं सगळं उभं राहणं, चघळणं कापून टाकलेलं. चहा आणि दोन टोस्ट होईपर्यंत आख्खी मॅच संपते. ह्यांचा दम तेवढाच पुरायचा. तेव्हापासून आमच्याकडे तीच चालू झाली. त्यांची रात्रीची मॅच संपेपर्यंत आमची सकाळ झालेली असायची, आणि ह्यांची आंघोळ उरकेपर्यंत छोटी मॅच ॲपवर येऊन पडायची.

नियम आम्ही आमच्या अकलेने लावले. तीन आउट झाले की बाजू बदलते. चारी ठिकाणी पाय लावून घरी परत आला की एक रन. हे म्हणायचे, "लगोरी आणि विटीदांडूचं लग्न लावलंय साहेबांनी." मारल्यावर बॅट फेकून पळतात त्याचा मात्र ह्यांना भयंकर राग. "अरे, बॅट आहे ती! फेकतोस काय? दसऱ्याला पूजा करतो आम्ही!" आणि टीम धरली तीही फिकट निळ्या शर्टांची, सतत हरणारी. मी म्हटलं, "जिंकणारी धरा ना, एवढ्या पडल्यायत." तर म्हणे, "जिंकणाऱ्यांना माझी काय गरज?" आठवड्याभरात ते 'आपले' झाले. "आज आपल्यांची आहे ना गं?" मुलीला फोनवर सांगायचे, "आपल्यांनी काल लाज आणली."

आता गंमत अशी की ॲपवर प्रत्येक मॅचवर एक चित्र असतं, आणि त्या चित्रातच सगळं फुटतं. जे जिंकले ते एकमेकांच्या अंगावर पडून नाचत असतात. ह्यांना निकाल आधी कळलेला चालायचा नाही. म्हणून मॅच मी शोधायची आणि तोवर ह्यांनी डोळे मिटून बसायचं.

"लागली का?"

"थांबा हो. मिटलेत ना नीट? बोटांमधून बघताय."

"नाही गं, शपथ."

"हं, उघडा."

म्हणजे ह्यांना माहीत नसायचं, मला माहीत असायचं. रोज. आणि तरी मॅच रंगात आली की हे म्हणायचे, "आता तू आत जा."

पहिल्यांदा मला हसूच फुटलं. म्हटलं, "अहो, ही संपून दोन तास झाले. ते लोक घरी जाऊन झोपले असतील. मी आत गेल्याने आता काय होणारेय?" हे गंभीरपणे म्हणाले, "आपल्यासाठी चालूच आहे ना? मग जा." गेले मी. चित्रात दुसरेच नाचताना बघून आलेली असले तरी ओट्यापाशी जाऊन उभी राहायचे. आणि वेडेपणा बघा, उभं राहिल्यावर वाटायचं, आज कदाचित होईल. कॉमेंट्री इंग्रजीत, फार भराभर, मला काही कळायचं नाही. मी लोकांच्या ओरडण्यावरून अंदाज बांधायचे. मग हे हाक मारायचे. जिंकले तर, "ये गं ये, जमलं तुला!" हरले तर, "ये बाहेर. हरले मेले." मी टॉवेलला हात पुसत बाहेर यायचे आणि नवीनच कळल्यासारखं तोंड करायचे. नाटकात काम करायला हवं होतं मी.

दुसऱ्या वर्षी ह्यांची तब्येत उतरत गेली. आधी गच्चीवरच्या फेऱ्या बंद झाल्या, मग खालच्या बाकावर बसणं. झोपायला आडवं होता येईना, खुर्चीतच उशा लावून बसायचे, पाय स्टुलावर. जेवणाबद्दल तक्रार करायचं सोडून दिलं, तेव्हा मी खरी घाबरले. अळणी उपमा मुकाट्याने खाणारा माणूस हा आमच्या घरातला नव्हे. दिवसभरात जीव यायचा तो तेवढ्या मॅचपुरता. डोळे मिटून बसायचे ना, तेव्हा गालात हसायचे लहान मुलासारखे. त्या हसण्यासाठी मी काहीही केलं असतं.

त्या सकाळी चहा अर्धा ठेवला होता ह्यांनी. बोटं गार लागत होती. मी म्हटलं, "मुलीला बोलावू का?" तर म्हणाले, "तिला कशाला ऑफिस बुडवायला लावतेस? मॅच लाव." डोळे मिटले. मी खाली खाली जाऊन रांग शोधली. चित्रात दुसरी टीम पाण्याच्या बादल्या ओतत होती एकमेकांवर. आपले हरले होते. मी लावली मॅच आणि म्हटलं, "उघडा."

मी तिथंच बसले, त्यांच्या शेजारी, सोफ्याच्या कडेवर. मॅच पुढे सरकली, आपले मागे होते पण फार नाही. हे म्हणाले, "जा आता आत."

"आज बसते ना जरा इथं."

"नको गं. आज टाइट आहे. जा ना."

माझ्या अगदी ओठांवर आलं होतं. अहो, हरलेत ते. मी बघितलंय चित्र. मी बसले काय नि उठले काय, काही फरक पडत नाही. एवढं बोलले असते तर मी तिथेच बसून राहिले असते. पण माणसाकडे उरलंय काय, तर ही एक न कळलेली गोष्ट. तीही मी काढून घेऊ? मी उठले.

ओट्यावर मेथीची जुडी होती. ती निवडत उभी राहिले. बाहेर लोकांचा आवाज वाढायला लागला. ह्यांचा आवाज आला, "एक आला! अगं, एक आला!" मग जरा वेळाने, "अजून एक! हलू नकोस हं तिथून. हलू नकोस!"

मी हलले नाही. हातातली मेथीची काडी तशीच धरून उभी राहिले. लोक ओरडतायत, ओरडतायत, आणि मला वाटायला लागलं, ते चित्र दुसऱ्या दिवसाचं असेल. आपल्याला काय कळतं त्यातलं? आज जिंकतील. देवाशप्पथ सांगते, मला तसं वाटलं.

मग आवाज ओसरला, शेवटचं संगीत वाजलं. मी हाकेची वाट बघत राहिले. हरले मेले, ये बाहेर. हाक आली नाही. त्या ॲपची खोड अशी की एक मॅच संपली की दुसरी आपोआप सुरू होते, आणि ती सुरू झाली की हे ओरडायचे, "बंद कर, बंद कर, निकाल दिसेल!" दुसरी सुरू झालेली मला ऐकू आली. हे ओरडले नाहीत. म्हटलं, रागावले असतील. म्हटलं, डोळा लागला असेल, लागू दे, रात्रभर झोप नाही. आणि हाक मारल्याशिवाय बाहेर जायचं नाही ही आमची रीत. मी निम्मी जुडी निवडून होईस्तोवर तशीच उभी.

बाहेर आले तेव्हा हे टीव्हीकडेच बघत होते. म्हणजे मला तसं वाटलं.

मुलगी आली, शेजारी आले, सगळं झालं. माणसं भेटायला येत राहिली. एक बाई म्हणाल्या, "भाग्यवान हो, आपल्या माणसाजवळ गेले." मी ताडकन म्हटलं, "मी जवळ नव्हते. मी स्वयंपाकघरात होते." मुलगी नंतर आत येऊन मला म्हणाली, "आई, डॉक्टर म्हणाले ना, एका क्षणात झालंय. तू शेजारी असतीस तरी काही करता आलं नसतं." करायचंय कोणाला? मला हात धरायचा होता. गार बोटं होती त्यांची, ती धरायची होती.

तेरा दिवस टीव्ही लावला नाही. त्यानंतर मुलगी ठाण्याला गेली, घर खायला उठलं, म्हणून रिमोट हातात घेतला. ॲप उघडलं की सगळ्यात वर तुम्ही अर्धवट सोडलेलं दाखवतात. तिथे ती दुसरी मॅच होती, आपोआप सुरू झालेली. कुठल्या टीम होत्या कोण जाणे, आपल्यांचा काही संबंध नव्हता. चित्राखाली लाल रेघ, जेवढं बघून झालं तेवढी. रेघ अर्ध्याच्या पुढे गेली होती. तेवढा वेळ मी मेथी निवडत उभी होते आणि तेवढा वेळ हे एकटे बसले होते. मी जमिनीवर बसून रडले, अगदी मोठ्याने, खालच्या मजल्यावरची बाई वर आली इतक्या मोठ्याने.

मोठी मॅचही आहे तिथे, त्याच सकाळची, न कापलेली. कधी कधी ती लावते. नुसते उभे असतात, चघळत, टोपी सारखी करत. पूर्वी मला कंटाळा यायचा त्याचा. आता वाटतं, हेच का कापलं मेल्यांनी? अळणी उपमा, पायाखालचं स्टूल, ह्यांचं कुरकुरणं, माझं ओरडणं, आमचंही सगळं असंच होतं, आणि मला त्यातलं मिनिटभरही कमी नको होतं.

आपल्यांची मॅच असली की मात्र छोटीच लावते. डोळे मिटते, बटणं चाचपडत दाबते, चुकते, परत दाबते. मला आता निकाल आधी बघायचा नाही. आणि मी आत जात नाही. खुर्चीला खुर्ची लावून बाहेर बसते. हरले तर हरू देत.

परवा तशीच बसले होते. आपले मागे होते. मग एक आला, अजून एक आला, लोक उठून उभे राहिले. माझे पाय सवयीने आत वळायला लागले. मी खुर्चीचा हात घट्ट धरला आणि बसून राहिले. त्या फिकट निळ्या शर्टवाल्याने मारला, बॅट फेकली, आणि चारी ठिकाणी पाय लावून घरी आला. जिंकले. मी समोर बसलेली असताना जिंकले.

टीव्ही बंद केला. शेजारच्या खुर्चीवर हात ठेवला आणि म्हटलं, "बघितलंत? अहो, बघितलंत ना? मी इथंच बसले होते."