म्हाताऱ्याचा उजवा कान

संग्रहालयातले सगळे त्यांना हाडवैद्य म्हणत. मोडलेलं हाड त्यांनी जन्मात बसवलं नव्हतं. मेलेल्या जनावरांची हाडं मांसातून सोडवायची, धुवायची आणि तारेत ओवून उभी करायची, हे त्यांचं काम. एकतीस वर्षांत एकाही पेशंटची तक्रार आली नाही, असं ते स्वतःच सांगत आणि स्वतःच हसत. गेली दोन वर्षं मात्र ते जरा जास्तच हसत होते. समोरचा काय बोलला ते कळलं नाही की हसून मान हलवायची, त्यात निम्मी कामं निभावतात, हे त्यांनी शोधून काढलं होतं.

त्यांचा उजवा कान गेला होता. घरी बायको म्हणे, "अहो, तुम्ही मुद्दाम कानाडोळा करता." त्यांनी तो आरोप मुकाट्याने मान्य केला होता. बहिरा म्हणवून घेण्यापेक्षा निगरगट्ट नवरा म्हणवून घेणं परवडलं. कामावर ते चटकन समोरच्याच्या उजव्या बाजूला जाऊन उभे राहत, म्हणजे माणूस आपोआप त्यांच्या डाव्या कानाशी यायचा.

हे सगळं यारीसाठी. छताला लटकलेली ती साखळीची यारी त्यांच्याशिवाय कुणी चालवत नसे. पोरपॉईज या डॉल्फिनच्या छोट्या भाऊबंदाची कवटी दोन हातांत मावते, पण दात असलेल्या देवमाशांत सगळ्यात थोर जो स्पर्म व्हेल, त्याचा नुसता खालचा जबडा हलवायचा तरी यारी लागते. बहिऱ्याच्या हातात यारी कोण देईल? त्याला तिकिटाच्या खिडकीत बसवतील. आणि पंधरा दिवसांपूर्वी त्याच जबड्याखाली पहारेकरी उभा असताना "थांबा" म्हणून ओरडला होता, आणि हाडवैद्यांनी साखळी ओढणं चालूच ठेवलं होतं. जबडा त्याच्या टोपीला घासून गेला. पहारेकऱ्याला वाटलं, गंमत केली. हाडवैद्यांना त्यानंतर धड झोप लागली नव्हती.

आज सकाळी ते आले ते डॉल्फिनचं डोकं बघायला. महिन्यापूर्वी किनाऱ्यावर एकटाच येऊन पडलेला हा रिसो जातीचा नर. अंगभर पांढऱ्या ओरखड्यांची जाळी, वरच्या जबड्यात दाताचं नाव नाही, आणि खाली पुढच्या बाजूला सात झिजलेले खुंट. त्याची जातच तशी. मऊ, बिनहाडाचं माकूल धरायला दात लागतात किती? हाडवैद्य त्याला म्हातारा म्हणत. म्हाताऱ्याचं पोट रिकामं निघालं होतं. अंगावर नवी जखम नव्हती. मॅडम, म्हणजे त्यांच्या विभागाच्या प्रमुख, तेव्हाच म्हणाल्या होत्या, "याचे कान बघायला हवेत. हे अंधारात आवाज सोडतात आणि परत आलेल्या आवाजावर भक्ष्य शोधतात. ऐकू येईना झालं की उपाशीच मरायचं." हे नेमकं डाव्या कानावर पडलं होतं आणि दिवसभर आत टोचत राहिलं होतं.

डोकं कोमट पाण्याच्या टाकीत तीन आठवडे कुजत होतं. परवा मॅडम बाहेरगावी निघताना दारातून काहीतरी बोलल्या. पंखा घरघरत होता आणि त्या उजव्या बाजूला होत्या. हाडवैद्यांनी ऐकलं, "डोक्याची टाकी सोडून टाका." ते हसले, मान हलवली आणि संध्याकाळी बूच काढलं. कानाची हाडं हाताने काढून घेतल्याशिवाय डोक्याची टाकी सोडायची नाही, हा त्यांचाच नियम. पण मॅडमच सोडा म्हणतात, म्हणजे त्यांनी काढून घेतली असणार, असं ते धरून चालले.

आता त्यांनी कवटी उलटी केली. डावं कानाचं हाड जागेवर होतं. मॅडमनी काही काढलंच नव्हतं. उजव्या जागी नुसती पोकळी.

आपलं कानाचं हाड कवटीत पक्कं जडवलेलं असतं. डॉल्फिनचं कवटीखाली, हवेच्या पोकळीत, नुसत्या तंतूंवर टांगलेलं, म्हणजे डावीकडचा आवाज डावीकडे आणि उजवीकडचा उजवीकडे. तंतू कुजले की हाड टपकन गळतं. ते गळलं आणि पाण्याबरोबर मोरीत गेलं.

मग त्यांना मॅडमचं वाक्य खरं कसं असेल ते ऐकू आलं, दोन दिवस उशिरा. सोडून टाका नव्हे. सोडू नका.

मॅडम अकरा वाजता येणार होत्या. सव्वानऊ झाले होते. हाडवैद्यांनी पहार घेतली, मागच्या बोळातल्या चेंबरचं झाकण उचकटलं आणि पालथे पडून खांद्यापर्यंत हात आत घातला. वासाचं काही नाही, तो एकतीस वर्षांचा सोबती. पण परवापासून आत किती पाणी गेलं असेल? एक आशा होती. हे हाड अंगातल्या सगळ्या हाडांत घट्ट, दगडासारखं जड. वाहून फार लांब जायचं नाही, पहिल्याच वळणावर बसेल. बसायला हवं. बोटांना केस लागले, चरबीचे गोळे लागले, बाटलीचं एक सुटं झाकण लागलं. दर खेपेला भलतंच काही निघे.

कोपर सोलवटलं. दहा वाजून गेले. बूच आपोआप निसटलं असं सांगावं, हे त्यांनी मनाशी घोकून ठेवलं. जुनं बूच आहे, कुणालाही पटेल.

साडेदहाला दुसऱ्या चेंबरच्या तोंडाशी बोटाला काहीतरी गोल, गार लागलं. त्यांनी मूठ मिटली आणि बाहेर काढेपर्यंत उघडली नाही. लिंबाएवढं हाड. धुतल्यावर त्यांनी ते डाव्या हाडाशेजारी ठेवलं. डावं गुळगुळीत होतं. उजव्याची एक बाजू कीड लागल्यासारखी पोखरलेली.

आता हे टाकीच्या तळाशी ठेवलं की कुणाला काही कळणार नव्हतं. ते हाड हातात धरून बसूनच राहिले.

मॅडम आल्या, पिशवी ठेवली, भिंग काढलं. हाडाकडे बराच वेळ बघत राहिल्या. मग रिकाम्या टाकीकडे बघून काहीतरी बोलल्या. त्या उजव्या बाजूला होत्या. हाडवैद्यांचं तोंड सवयीने हसू लागलं होतं, ते त्यांनी आवरलं.

"मॅडम, तुम्ही आत्ता काय बोललात ते मला कळलं नाही. परवाही कळलं नव्हतं. तुम्ही सोडू नका म्हणालात, मी सोडून टाका ऐकलं. हे मी मोरीतून काढलंय. या कानाने मला दोन वर्षं ऐकू येत नाही."

मॅडम त्यांच्याकडे वळल्या. "दोन वर्षं? आणि तो जबडा? पहारेकरी सांगत होता, काकांनी गंमत केली."

"गंमत नव्हती."

त्यांनी हे म्हटलं आणि पंधरा दिवसांत पहिल्यांदा त्यांना पुरता श्वास घेता आला.

मॅडम टेबलाला वळसा घालून त्यांच्या डाव्या बाजूला आल्या. भिंग अजून हातात होतं. "हाही बहिराच झाला होता, काका. त्याच्या कळपातही कुणाला कळलं नसेल." मग त्या म्हणाल्या, "हाडांचं काम तुमचंच राहील. पण यारी आजपासून सोडून टाका."

या वेळी त्यांना स्वच्छ ऐकू आलं होतं. तरी त्यांनी विचारलं, "सोडू नका म्हणालात?"

"सोडून टाका," मॅडम म्हणाल्या, आणि त्यांचा सोलवटलेला हात नळाखाली धरला.